लेंडीतली अंडी मोजा, मगच जंताचं औषध पाजा

सांगोला, मंगळवेढा, माळशिरस, अक्कलकोट या पट्ट्यात मेंढ्या-शेळ्यांना जंताचं औषध पाजायचं ते बहुतेक वेळा तिथी-वार बघून. पावसाच्या तोंडाशी एकदा, दिवाळीच्या आसपास एकदा, आणि मध्येच चार जनावरं वाळायला लागली की सगळ्या कळपाला पुन्हा. पाजण्याआधी जंत किती होते आणि पाजल्यावर किती उरले, हे मोजलं जात नाही. त्यामुळे ज्या औषधाचा गुण गेलेला आहे तेच औषध वर्षानुवर्षं पाजलं जातं आणि दोष मात्र पावसाला किंवा चाऱ्याला लागतो. खरं तर मोजण्याचं काम अवघड नाही. एक सूक्ष्मदर्शक, एक खास काच आणि स्वयंपाकघरातलं मीठ एवढ्यावर ते भागतं. पाच-सहा मेंढपाळांनी मिळून किंवा गावातल्या एखाद्या विज्ञान शाखेच्या मुलाने मनावर घेतलं, तर अर्ध्या दिवसात दहा जनावरांचा हिशेब लागतो.

या मोजणीमागे दोन ठिकाणचं काम आहे. पहिलं नॉर्मन स्टोल या अमेरिकी प्राणिशास्त्रज्ञाचं. माणसाच्या पोटातल्या अंकुशकृमीवर काम करताना त्यांच्यासमोर प्रश्न होता तो असा, की विष्ठेत अंडी दिसली यावरून जंत आहेत एवढंच कळतं, पण किती आहेत? त्यांनी १९२३ मध्ये साधा हिशेब मांडला. ३ ग्रॅम विष्ठा घ्यायची, सौम्य कॉस्टिक सोड्याचं द्रावण घालून ती ४५ मिली करायची, त्यातले नेमके ०.१५ मिली तपासायचे आणि दिसलेल्या अंड्यांना १०० ने गुणायचं. दुसरं काम ऑस्ट्रेलियातलं. सिडनीच्या मॅकमास्टर प्रयोगशाळेत ह्यू गॉर्डन आणि व्हिटलॉक यांनी १९३९ मध्ये मेंढीच्या लेंडीसाठी खास काच वापरून मोजणी बसवली. मिठाच्या पाण्यात अंडी वर तरंगतात आणि घाण खाली राहते, त्यामुळे काम झटपट झालं. ती प्रयोगशाळा फ्रेडरिक मॅकमास्टर या मेंढपालकाच्या देणगीतून उभी राहिली होती, म्हणून काचेलाही त्यांचंच नाव चिकटलं. आज आपण वापरतो ती काच मॅकमास्टरची, पण ३ ग्रॅम, ४५ मिली आणि ०.१५ मिली हे आकडे स्टोल यांच्याच हिशेबातले.

काय काय लागतं

सूक्ष्मदर्शक साधा, शाळेत असतो तसा चालतो. १० पट डोळ्याची भिंग आणि १० पट वस्तूची भिंग, एवढं पुरे. मॅकमास्टर काच मात्र विकतच घ्यावी. दोन काचांमध्ये १.५ मिमीची पोकळी, तिचे दोन कप्पे, आणि प्रत्येक कप्प्यावर १ सेमी × १ सेमीचा आखलेला चौकोन अशी तिची रचना असते. चौकोनाखाली बरोबर ०.१५ मिली पाणी मावतं. घरी काचा चिकटवून केलेली पोकळी कधीच सारखी येत नाही आणि सगळा गुणाकार तिथेच फसतो.

बाकीचं घरचंच. सोनार वापरतात तसा ०.१ ग्रॅमपर्यंत दाखवणारा छोटा वजनकाटा, चहाची बारीक गाळणी, दोन-तीन प्लास्टिकचे पेले, चमचा, ड्रॉपर, ५० मिलीची सिरिंज. आणि कागदावर आधी लिहून ठेवलेली जनावरांची यादी. ही यादी नसली की सातव्या-आठव्या पिशवीपाशी कोणती लेंडी कुणाची याचा घोळ ठरलेला.

मिठाचं पाणी

एक लिटर पाणी उकळा आणि त्यात ४०० ग्रॅम मीठ घालून ढवळत राहा. थंड झाल्यावर तळाशी थोडं मीठ न विरघळता उरलं पाहिजे. ते उरलं म्हणजे पाण्याने घेता येईल तेवढं मीठ घेतलं. वरचं पाणी फडक्यातून गाळून बाटलीत भरा. पिशवीतल्या मिठाने पाणी किंचित गढूळ होतं, म्हणून गाळणं टाळू नका.

आता तपासणी. बटाटा तरंगला म्हणजे पाणी झालं, असं समजू नका. बटाटा त्याच्या कितीतरी आधी तरंगतो. सिरिंजमध्ये ५० मिली पाणी घ्या आणि रिकाम्या पेल्याचं वजन वजा करून त्याचं वजन करा. ५९ ते ६० ग्रॅम भरलं तर ठीक. ५७ वगैरे भरलं तर अंडी पुरती वर येणार नाहीत आणि आकडा खोटा कमी निघेल. तीन-चार आठवड्यांनी बाटलीतल्या पाण्याचं वजन असंच पुन्हा तपासावं.

लेंडी कशी घ्यायची

वाड्यातली, जमिनीवरची लेंडी घेऊ नका. ती कुणाची हे कळत नाही, मातीतले मोकळे जगणारे कृमी तिच्यात शिरतात, आणि सोलापूरच्या उन्हात ती तासाभरात वाळते. हातमोजा घाला, बोट पाण्याने किंवा साबणाने ओलं करा आणि थेट गुदद्वारातून पाच-सहा ग्रॅम काढा. कोकरू-करडू लहान असेल तर एकच बोट आणि हलका हात. सकाळी कळप वाड्यातून सोडायच्या आधी हे काम सोपं जातं, कारण जनावरं नुकतीच उठलेली असतात आणि आत लेंडी असते.

पिशवी लहान घ्या, हवा दाबून काढा, गाठ मारा, वर जनावराची खूण आणि वेळ लिहा. हवा काढण्याचं कारण असं, की अंड्यातली वाढ हवेवर चालते. मोकळी हवा आणि ऊब मिळाली तर एका दिवसात अंडं फुटून अळी बाहेर येते, आणि फुटलेलं अंडं मोजता येत नाही. म्हणून नमुना थर्मासमध्ये किंवा बर्फाच्या डब्यात ठेवा, घरी आल्यावर फ्रिजच्या खालच्या कप्प्यात. बर्फाच्या कप्प्यात नको, गोठलं की अंडी फुटतात. फ्रिजमध्ये तीन-चार दिवस चालतं, पण मोजणी त्याच दिवशी करण्यासारखं उत्तम काही नाही.

किती जनावरं? पन्नासच्या कळपातून किमान दहा. त्यात फक्त वाळलेलीच निवडू नका. कोकरं, नुकत्याच व्यायलेल्या मेंढ्या आणि चांगली दिसणारी मोठी जनावरं अशी सरमिसळ असू द्या. सगळ्यांच्या लेंड्या एकत्र करून एकच मोजणी करण्याचा मोह होतो. घाई असेल तर तसं करता येतं, पण प्रत्येकाचं सारखं वजन घेऊनच. तरी त्यात मोठा तोटा आहे. कळपात थोडीच जनावरं बहुतेक अंडी टाकत असतात, आणि ती नेमकी कोणती हे एकत्र मोजणीत दिसत नाही. औषध खरं तर त्यांनाच हवं असतं.

मोजणी

१. पेल्यात बरोबर ३ ग्रॅम लेंडी घ्या. लेंड्यांची संख्या धरून अंदाज करू नका; ओली आणि सुकी लेंडी यांच्या वजनात मोठा फरक असतो.

२. त्यात ४२ मिली मिठाचं पाणी घाला. वजनानेच घ्यायचं तर ५०.४ ग्रॅम. लेंडी कडक असेल तर पाच-दहा मिनिटं भिजू द्या, मग चमच्याने पूर्ण चुरडा. एकही गोळी अख्खी राहता कामा नये.

३. गाळणीतून दुसऱ्या पेल्यात गाळा. गाळणीतला चोथा चमच्याने दाबून पाणी निथळून घ्या.

४. गाळलेलं पाणी ढवळत असतानाच ड्रॉपरने घ्या आणि काचेचा पहिला कप्पा भरा. पुन्हा ढवळून दुसरा भरा. दोन्ही एकाच ड्रॉपरभर पाण्यातून भरू नका.

५. काच पाच मिनिटं स्थिर ठेवा. अंडी वर तरंगून वरच्या काचेला टेकतात.

६. सूक्ष्मदर्शकात आधी आखलेल्या रेषा स्पष्ट दिसतील अशी पातळी लावा. अंडी त्याच पातळीवर असतात. प्रकाश कमी करा. जास्त उजेडात पातळ कवचाची अंडी विरून जातात.

७. रेषांमधल्या पट्ट्या एकेक करून वर-खाली मोजा. रेषेवर अर्धं पडलेलं अंडं डाव्या रेषेवरचं मोजायचं, उजव्या रेषेवरचं नाही, असा एकच नियम धरा.

दोन्ही कप्प्यांची बेरीज गुणिले ५० म्हणजे एका ग्रॅम लेंडीतली अंडी. पहिल्यात १३ आणि दुसऱ्यात १६ दिसली तर २९ × ५० = १४५०. पन्नासच का? ४५ मिलीत ३ ग्रॅम म्हणजे १५ मिलीत १ ग्रॅम. आपण पाहिले ०.३ मिली, म्हणजे एका ग्रॅमचा पन्नासावा भाग. एकच कप्पा मोजला तर १०० ने गुणा. दोन कप्प्यांत मोठी तफावत आली, समजा एकात ५ आणि दुसऱ्यात २५, तर पाणी नीट ढवळलं गेलं नाही. काच धुऊन पुन्हा भरा.

अर्ध्या तासाच्या आत मोजणी उरका. त्यानंतर कडेला मिठाचे खडे धरतात आणि खाऱ्या पाण्यात अंडी आकसून ओळखू येत नाहीत. एप्रिल-मे महिन्यात पंख्याखाली तर पंधरा मिनिटांतच खडे दिसू लागतात. त्या दिवसांत पंखा बंद ठेवून काम करावं.

काय दिसेल आणि काय फसवेल

सर्वात महत्त्वाचं अंडं लांबट गोल, पातळ कवचाचं, आत द्राक्षांच्या घडासारख्या पेशी असलेलं. लांबी साधारण ७० ते ९० मायक्रॉन (एक मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग). पोटातल्या बहुतेक गोल कृमींची अंडी अशीच दिसतात, त्यामुळे अंड्यावरून जात सांगता येत नाही. त्यातला आपल्याकडचा मुख्य शत्रू हिमॉन्कस कॉन्टॉर्टस. हा जंत चौथ्या पोटात राहतो आणि रक्त पितो. कापलेल्या जनावराचं चौथं पोट उघडलं तर मादी सहज ओळखू येते. रक्ताने भरलेलं लाल आतडं आणि पांढरे अंडाशय एकमेकांभोवती पिळलेले असतात, जणू लाल-पांढऱ्या दोऱ्याचा पीळ. एक जंत दिवसाला साधारण ०.०५ मिली रक्त घेतो. पाचशे जंत म्हणजे रोजचे २५ मिली. कोकराच्या अंगात रक्त ते किती! जबड्याखाली पाणी उतरलेली मेंढी दिसते ती बहुधा याचमुळे, आणि तोवर फार उशीर झालेला असतो.

त्रिकोणी किंवा चौकोनी, जाड कवचाचं अंडं म्हणजे मोनिझिया हा पट्टकृमी. त्याचे भातासारखे पांढरे तुकडे लेंडीवर दिसतात, म्हणून लोक घाबरतात ते यालाच. पण मोठ्या जनावराचं त्याने फारसं बिघडत नाही. दोन्ही टोकांना बूच लावलेल्या लिंबासारखं तपकिरी अंडं ट्रायच्युरिस या चाबूककृमीचं. याहून कितीतरी लहान, स्पष्ट कडेचे गोल कण दिसले तर ते कॉक्सिडिया या एकपेशी परजीवीचे. त्यांना गोल कृमींच्या मोजणीत धरू नका. जंताच्या नेहमीच्या औषधाने ते जातही नाहीत. करडांना रक्तमिश्रित हगवण असेल आणि हे कण भरपूर असतील तर पशुवैद्याला दाखवा.

नवख्याला सर्वात जास्त फसवतो तो हवेचा बुडबुडा. त्याची कड जाड काळी आणि पूर्ण गोल असते आणि आत काहीच नसतं. दुसरे फसवे म्हणजे परागकण, विशेषतः ज्वारी फुलोऱ्यात असताना चरलेल्या जनावरांत. पहिले आठ-दहा नमुने एखाद्या पशुवैद्याच्या किंवा प्राणिशास्त्राच्या शिक्षकांच्या शेजारी बसून मोजले तर पुढची चूक टळते.

आकड्याचा अर्थ

हिमॉन्कस जास्त असलेल्या भागात ढोबळमानाने ५०० च्या खाली भार हलका, ५०० ते २००० मध्यम, त्याहून वर जड. पण हा आकडा एकट्याने काही सांगत नाही. हगवण लागलेल्या जनावराच्या लेंडीत पाणीच जास्त, म्हणून आकडा खरा असतो त्यापेक्षा कमी दिसतो. शून्य आलं म्हणजे जंत नाहीत असंही नाही. या पद्धतीत ५० पेक्षा कमी काही दिसतच नाही. शिवाय पोटात गेलेली अळी मोठी होऊन अंडी घालायला लागेपर्यंत जवळपास तीन आठवडे जातात. त्या तीन आठवड्यांत ती रक्त पिते, पण लेंडीत एकही अंडं नसतं. म्हणून आकड्यासोबत डोळा बघा. खालची पापणी हलकेच ओढा. आतली कातडी लाल-गुलाबी असेल तर बरं, पांढुरकी असेल तर मोजणी काहीही म्हणो, त्या जनावराला औषध द्या. हा रंग पाच पायऱ्यांत लावून देणारा फामाचा तक्ता दक्षिण आफ्रिकेत फ्रँस्वा मलान यांच्या कल्पनेतून तयार झाला. मात्र पापणी गोचिडांमुळे आणि यकृतातल्या चपट्या कृमींमुळेही पांढरी पडते, हे ध्यानात असू द्यावं.

व्यायल्यानंतरच्या सहा-आठ आठवड्यांत मेंढीचा आकडा आपोआप चढतो. तिची ताकद दुधात गेलेली असते आणि जंतावरचा ताबा सुटतो. त्या लेंड्या पडलेल्या कुरणातच तिची कोकरं चरतात. मोजणी वर्षातून एकदाच परवडणार असेल तर या मेंढ्यांची करा.

केव्हा मोजायचं

कोरड्या उन्हात अंडी आणि अळ्या गवतावर टिकत नाहीत. ओलावा आणि ऊब मिळाली की पाच ते सात दिवसांत अळी पोटात जाण्याजोगी होते, आणि पुढे पोटात तीन आठवडे. म्हणजे चांगला पाऊस पडल्यापासून सुमारे चार आठवड्यांनी आकडा चढतो. आपल्या जिल्ह्यात मृग अनेकदा हुलकावणी देतो आणि खरा पाऊस उत्तरा-हस्तात, सप्टेंबर अखेरीकडे पडतो. त्यामुळे जूनमध्ये पाजलेलं औषध पुष्कळदा वाया जातं, आणि ऑक्टोबरच्या दुसऱ्या पंधरवड्यात कळप खराखुरा भरतो. पहिली मोजणी पावसाआधी, मेच्या अखेरीस. दुसरी मोठ्या पावसानंतर चार आठवड्यांनी. कॅलेंडरवर नाही, पावसाच्या नोंदीवर.

कालव्याकाठच्या गावांचं गणित वेगळं. उजनीच्या पाण्यावर भिजणाऱ्या पंढरपूर, मोहोळ, माळशिरसच्या शिवारात उसाच्या बांधावर बारमाही ओल असते, त्यामुळे तिथे उन्हाळ्यातही मोजावं. तिथेच पाणगोगलगायींमुळे यकृतातला चपटा कृमीही येतो, आणि त्याची जड अंडी मिठाच्या पाण्यात तरंगत नाहीत. त्यासाठी ५ ग्रॅम लेंडी २०० मिली साध्या पाण्यात चुरून गाळा, उंच पेल्यात तीन-चार मिनिटं ठेवा, वरचं पाणी हलकेच ओता, पुन्हा पाणी भरा. पाणी स्वच्छ होईपर्यंत हे करून तळाचा गाळ पाहा. पिवळसर-सोनेरी, मोठं, एका टोकाला झाकण असलेलं अंडं यकृतकृमीचं. तसंच पण रंगहीन असेल तर पोटातल्या अँफिस्टोम या चपट्या कृमीचं.

औषध चाललं का

मोजणीचा खरा उपयोग इथे आहे. कळपातली वीस जनावरं निवडा, ज्यांची पापणी बरी आहे पण आकडा २०० च्या वर आहे. दहांना औषध पाजा, दहांना नको, आणि दोन्ही गटांना लोकरीवर वेगळ्या रंगाचा पट्टा ओढा. चौदाव्या दिवशी सगळ्यांची लेंडी पुन्हा मोजा. लेव्हामिसोल दिलं असेल तर सात-आठ दिवसांनीच, कारण लहान अळ्या त्यातून वाचू शकतात आणि मग मोठ्या होऊन हिशेब बिघडवतात.

न पाजलेली दहा कशाला? याचं उत्तर पुन्हा स्टोल यांच्याकडेच मिळतं. १९२९ मध्ये त्यांनी कुरणात ठेवलेल्या कोकरांत पाहिलं, की हिमॉन्कसच्या अंड्यांचा आकडा चढत गेला आणि मग काहीही औषध न देता एकदम कोसळला. नव्या अळ्यांचा लोंढा पोटात शिरला की मेंढीचं शरीर जुने जंत झटकून टाकतं. यालाच स्वयंमुक्ती म्हणतात. आपल्याकडे हे परतीच्या पावसानंतरही घडू शकतं, म्हणजे नेमकं तेव्हा, जेव्हा आपण औषध पाजतो.

समजा पाजलेल्या गटाची सरासरी आधी १८०० होती आणि नंतर ७० झाली. ९६ टक्के घट, औषध उत्तम असं वाटेल. पण न पाजलेल्या गटाचीही १८०० वरून ७०० झाली असेल, तर औषधाचं काम मोजायचं ते ७०० शी: ७० भागिले ७०० म्हणजे १० टक्के जंत उरले, घट ९० टक्के. ९५ च्या खाली घट म्हणजे औषधाला जंत सरावले असण्याची शंका धरावी.

शंका घेण्याआधी डोस तपासा. सर्वात जास्त होणारी चूक म्हणजे अंदाजाने पाजणं. गटातलं सर्वात जड जनावर काट्यावर तोला आणि त्याच्या वजनाचा डोस धरा, सरासरीचा नाही. पाजण्याची बंदूक १० मिलीला खरंच १० मिली देते का, हे मोजपात्रात बघा. औषध जिभेच्या मागच्या बाजूला सोडा, तोंडाच्या पुढच्या भागात नको. शेळीचं शरीर औषध लवकर संपवतं, म्हणून मेंढीचा डोस शेळीला अनेकदा कमी पडतो. पण तो स्वतः वाढवू नका, लेव्हामिसोल आणि क्लोझँटेल यांचा जादा डोस जीवावर बेततो. गाभणपणाच्या पहिल्या महिन्यात अल्बेंडाझोल नको. औषध बदलायचं तर मोजणीचा कागद घेऊन तालुक्याच्या पशुधन विकास अधिकाऱ्यांकडे जा. आकडे समोर असले की बोलणं नेमकं होतं.

आणि चांगल्या पापणीची, कमी आकड्याची जनावरं न पाजता सोडा. त्यांच्या पोटातले औषध न लागलेले जंत कुरणात आपली अंडी टाकत राहतात, त्यामुळे औषधाला दाद न देणाऱ्या जंतांचीच वीण वाढत नाही.

काम झाल्यावर काच लगेच साध्या पाण्यात बुडवा. मीठ वाळलं की कप्प्याच्या आत खडे बसतात आणि ते खरवडताना रेषा जातात. साबण वापरला तर भरपूर खळखळा, साबणाच्या फेसाने पुढच्या वेळी बुडबुडे होतात. सूक्ष्मदर्शकाच्या टेबलावर सांडलेलं खारं पाणी ओल्या फडक्याने आणि मग कोरड्याने पुसा, नाहीतर एका पावसाळ्यात स्क्रू गंजतात. वहीत तारीख, जनावराची खूण, वय, व्यायल्याचा दिवस, पापणीचा रंग, दोन्ही कप्प्यांचे वेगवेगळे आकडे, औषध आणि डोस, आणि शेवटच्या मोठ्या पावसाची तारीख लिहा.